समुद्रातून परतलेले पोलाद

साधारणपणे वीस टनांहून अधिक भार पृथ्वीनिकटच्या कक्षेत नेऊ शकणाऱ्या अग्निबाणाला अवजड प्रक्षेपक म्हणतात, आणि अशा प्रक्षेपकाच्या रचनेतील मोठी विसंगती अशी, की त्याचा जो भाग सर्वांत मोठा आणि सर्वांत जड असतो तोच सर्वांत कमी वेळ कामाला येतो. १९६७ ते १९७३ या काळात तेरा वेळा उडालेल्या अमेरिकेच्या सॅटर्न-५ या चांद्रप्रक्षेपकाचे उड्डाणावेळचे वजन २,९०० टनांच्या घरात होते, आणि त्यातील तीन चतुर्थांशांहून अधिक वजन एकट्या पहिल्या टप्प्याचे होते. केरोसीन आणि द्रवरूप ऑक्सिजन जाळणारी त्याची पाच एफ-१ इंजिने जेमतेम अडीच मिनिटे चालत आणि साठेक किलोमीटर उंचीवर हा टप्पा अलग होऊन अटलांटिक महासागरात कोसळे. त्यांपैकी काही इंजिनांचे अवशेष चार दशकांनंतर, २०१३ मध्ये, समुद्रतळावरून वर काढण्यात आले ते संग्रहालयात ठेवण्यासाठी; त्या शोधमोहिमेचा खर्च उचलणारे जेफ बेझोस त्याच सुमारास स्वतःच्या कंपनीत परत येणाऱ्या अग्निबाणावर काम करवून घेत होते, हे जाता जाता नोंदवण्यासारखे आहे.

उड्डाणाच्या पहिल्या काही मिनिटांत जोर देऊन गळून पडणाऱ्या अशा टप्प्याला, किंवा मुख्य देहाला बाजूने जोडलेल्या साहाय्यक अग्निबाणाला, बूस्टर म्हणतात. परत आणण्याचे प्रयत्न बूस्टरपासूनच का सुरू झाले, याचे उत्तर वजनाच्या गणितात आहे. रशियन शास्त्रज्ञ कॉन्स्तांतिन त्सिओल्कोव्हस्की यांनी १९०३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या समीकरणानुसार अग्निबाणाला मिळणारा वेग दोन गोष्टींवर ठरतो: इंजिनातून बाहेर पडणाऱ्या वायूचा वेग, आणि इंधनासह व इंधनाविना असलेल्या वजनांचे गुणोत्तर. त्यामुळे कक्षेपर्यंत जाणाऱ्या वरच्या टप्प्यावर एक किलो वजन वाढले की उपग्रहाच्या वाट्याचे एक किलो पुरते कमी होते. वाटेतच सुटणाऱ्या खालच्या टप्प्यावर तेच एक किलो वाढले तर भारवहनातील तूट त्याच्या लहानशा अंशाइतकीच राहते. पॅराशूट, पंख, पाय किंवा परतीचे इंधन, यांपैकी कोणताही उपाय निवडला तरी तो शेवटी वजनाच्या रूपानेच भरावा लागत असल्याने, हे ओझे खालच्या टप्प्याला परवडते आणि वरच्याला सहसा परवडत नाही. शिवाय कक्षेतील वेग ताशी सुमारे २८,००० किलोमीटर असतो, तर बूस्टर साधारणपणे ताशी ५,००० ते ८,००० किलोमीटर वेगाला अलग होतो, आणि गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढत असल्यामुळे परतताना त्याला सोसावी लागणारी उष्णता कक्षेतून उतरणाऱ्या यानाच्या मानाने फारच कमी असते.

गणित इतके अनुकूल असूनही या प्रयत्नांचा इतिहास सरळ चढणीचा नाही. पैशाच्या बचतीची आश्वासने त्यात वारंवार दिली गेली आणि बहुतेकदा ती हुकली. मात्र परत आलेल्या प्रत्येक टप्प्याने एक गोष्ट हमखास दिली, ती म्हणजे उड्डाणात नेमके काय घडले याचा हाताने तपासता येणारा पुरावा. हा पुरावा कोणी कसा वाचला, आणि वाचून काय केले, यावर या तंत्राची पुढची वाट ठरत गेली.

परत आणण्याची कल्पना अवकाशयुगाहून जुनी आहे. अग्निबाणतज्ज्ञ वेर्नर फॉन ब्राउन यांनी १९५२ मध्ये 'कॉलियर्स' या अमेरिकी साप्ताहिकात मांडलेल्या तीन टप्प्यांच्या महाकाय अग्निबाणाचे खालचे दोन टप्पे पॅराशूटने समुद्रात उतरून जहाजाने ओढून आणायचे होते. पुढे त्यांच्याच नेतृत्वाखालील नासाच्या मार्शल केंद्रात सॅटर्न मालिकेचे एच-१ इंजिन खाऱ्या पाण्यात बुडवून, धुऊन, पुन्हा चालवून पाहण्याच्या चाचण्या झाल्या आणि पहिला टप्पा कापडी पंखाच्या आधारे तरंगत उतरवण्याच्या योजनांचाही विचार झाला. १९६२ मध्ये रॉबर्ट ट्रूअक्स यांनी एरोजेट कंपनीत 'सी ड्रॅगन' या नावाने जो आराखडा तयार केला त्यात तर सुमारे १५० मीटर उंचीचा अग्निबाण जहाजबांधणीच्या गोदीत घडवून समुद्रातूनच उडवायचा आणि त्याचा पहिला टप्पा समुद्रातच परत घ्यायचा होता. चंद्रावर माणूस उतरवण्याची मुदत डोक्यावर असलेल्या कार्यक्रमाला यांपैकी कशाचीही गरज नव्हती. घाई होती, पैसा होता, आणि एकूण उड्डाणे मोजकीच होती.

पैसा आटला तेव्हाच पुनर्वापराचा विचार गंभीरपणे पुढे आला. १९६९ नंतर नासाने मांडलेल्या अवकाशयानाच्या, म्हणजे स्पेस शटलच्या, मूळ आराखड्यांत बूस्टर हे एक पंखधारी विमानच होते: आकाराने मोठ्या जेट विमानाएवढे, वैमानिकांनी चालवलेले, शटलला उंचीवर सोडून धावपट्टीवर परतणारे. १९७१ मध्ये अमेरिकी शासनाच्या अर्थसंकल्प कार्यालयाने विकासखर्चाची मर्यादा पाच अब्ज डॉलरांच्या आसपास आणून ठेवली आणि हे विमान कागदावरच राहिले. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी ५ जानेवारी १९७२ रोजी शटलच्या बांधणीची घोषणा केली, आणि त्यानंतर दोनच महिन्यांनी बूस्टरसाठी घन इंधनाची निवड झाली, कारण विकासाचा खर्च त्यात सर्वांत कमी होता. प्रत्येक उड्डाणामागचा खर्च त्यामुळे वाढेल हे निर्णय घेणाऱ्यांना ठाऊक होते. आजची बचत उद्याच्या खात्यावर टाकण्याची ही पद्धत सरकारी प्रकल्पांत नवी नाही. आर्थिक समर्थनासाठी मॅथेमॅटिका या संस्थेकडून जो अभ्यास करून घेण्यात आला होता त्यात वर्षाला चाळीस किंवा त्याहून अधिक उड्डाणे गृहीत धरली होती, आणि पुनर्वापराचा सगळा फायदा या एका गृहीतकावर उभा होता.

घन इंधनाचा बूस्टर रचनेने साधा असतो. त्यात पंप नसतात, नळ्या नसतात; पोलादी नळकांड्यात रबरासारखे घट्ट झालेले इंधन भरलेले असते आणि एकदा पेटल्यावर ते विझवता येत नाही. शटलचा प्रत्येक बूस्टर ४५ मीटरांहून थोडा लांब, ३.७ मीटर व्यासाचा आणि सुमारे ५९० टन वजनाचा होता, व त्यांतील ५०० टन केवळ इंधन होते: ऑक्सिजन पुरवणारे अमोनियम परक्लोरेट, जळणारी ॲल्युमिनियमची भुकटी आणि दोन्हींना बांधून ठेवणारे बहुवारिक. उड्डाणाच्या वेळी लागणाऱ्या एकूण जोरापैकी सत्तर टक्क्यांहून अधिक जोर हे दोन बूस्टर देत. त्यांचे कंत्राट मिळालेल्या थायोकोल कंपनीचा कारखाना यूटा राज्यात, समुद्रापासून फार दूर होता, आणि रेल्वेने नेता यावेत म्हणून बूस्टर अखंड न घडवता इंधन भरलेल्या चार खंडांत पाठवून फ्लोरिडातील प्रक्षेपणतळावर जोडले जात. या जोडांची गोष्ट पुढे येईलच.

दोन मिनिटांनी इंधन संपले की सुमारे ४५ किलोमीटर उंचीवर बूस्टर सुटत, आणखी वीसेक किलोमीटर वर जाऊन खाली वळत, आणि तळापासून सव्वादोनशे किलोमीटरच्या आसपास समुद्रात पडत. प्रथम एक लहान, मग एक मध्यम आणि अखेरीस तीन मुख्य पॅराशूट उघडून वेग ताशी ८० किलोमीटरपर्यंत आणला जाई; तरीही हे पोलाद शेपटीच्या बाजूने पाण्यावर आदळे तेव्हा रिकाम्या नळकांड्यात कोंडलेली हवा दाबली जाऊन धक्का सोसत असे. त्याच कोंडलेल्या हवेमुळे बूस्टर पाण्यात उभा तरंगे. 'लिबर्टी स्टार' आणि 'फ्रीडम स्टार' ही दोन जहाजे खास या कामासाठी बांधलेली होती. पाणबुडे खाली उतरून नोझलच्या तोंडात बूच बसवत, नळीने हवा भरून आतले पाणी बाहेर काढत, आणि मग ओंडक्यासारखा आडवा झालेला बूस्टर जहाजाला बांधून केप कॅनाव्हरलला आणला जाई. वाटेतील उथळ पाण्यात वावरणाऱ्या समुद्रगायींना पंख्याची पाती लागू नयेत म्हणून या जहाजांना पाण्याच्या झोताने चालणारी यंत्रणाही दिलेली होती. किनाऱ्यावर बूस्टर धुतला जाई, खारटपणा काढला जाई, सुटा केला जाई, आणि खंड पुन्हा रेल्वेने यूटाला रवाना होत. तेथे उरलेसुरले अस्तर खरवडून, पोलाद तपासून, नवे इंधन ओतले जाई. १३५ उड्डाणांत २७० बूस्टर वापरले गेले, आणि त्यांतील चारच परत आले नाहीत: जून १९८२ मधील चौथ्या उड्डाणाचे दोन्ही पॅराशूट निकामी ठरल्याने बुडाले, आणि इतर दोन जानेवारी १९८६ मध्ये 'चॅलेंजर' या शटलच्या दुर्घटनेत नष्ट झाले.

चॅलेंजरचा इतिहास सहसा थंडी, रबर आणि घाई यांच्या अनुषंगाने सांगितला जातो. त्याची दुसरी बाजू परतलेल्या बूस्टरची आहे, आणि ती अधिक अस्वस्थ करणारी आहे. खंडांच्या जोडांत गरम वायू अडवण्यासाठी सात मिलिमीटर जाडीच्या दोन रबरी कड्या, म्हणजे ओ-रिंग, एकामागे एक बसवलेल्या होत्या. पहिली निकामी झाली तर दुसरीने सांभाळून घ्यावे, असा हिशेब होता. बूस्टर समुद्रातच सोडून दिले असते तर या कड्यांचे काय होते हे कोणालाच कळले नसते. पण ते परत येत होते, सुटे होत होते आणि तपासले जात होते, त्यामुळे नोव्हेंबर १९८१ मध्ये, शटलच्या दुसऱ्याच उड्डाणानंतर, एका जोडातील पहिली कडी गरम वायूने झिजल्याचे अभियंत्यांनी प्रत्यक्ष पाहिले. पुढच्या वर्षांत अशा झिजेच्या नोंदी वाढत गेल्या. २४ जानेवारी १९८५ रोजी, जोडांचे तापमान १२ अंश सेल्सिअसच्या आसपास असताना झालेल्या उड्डाणानंतर दोन कड्यांच्या मधल्या जागेत काळी काजळी सापडली. वायू पहिल्या कडीला ओलांडून गेल्याची ती खूण होती. थायोकोलमधील रॉजर बॉइसजोली यांनी त्याच वर्षी या जोडांच्या धोक्याबद्दल आपल्या वरिष्ठांना लेखी इशारा दिला, आणि २७ जानेवारी १९८६ च्या रात्री, दुसऱ्या दिवशीचे उड्डाण कडाक्याच्या थंडीत होऊ नये म्हणून त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दूरध्वनीवरील बैठकीत हट्ट धरला. उड्डाण झाले, हवेचे तापमान २ अंशांच्या आसपास होते, आणि ७३ सेकंदांनी सात जणांचा मृत्यू झाला.

हातात पुरावा असूनही निर्णय उलट का झाला, याचे सर्वांत समाधानकारक उत्तर समाजशास्त्रज्ञ डायेन व्हॉन यांनी १९९६ च्या आपल्या ग्रंथात दिले. प्रत्येक वेळी कडी झिजलेली दिसली, पण यान सुखरूप परतले होते. त्यामुळे झीज ही बिघाडाची खूण न राहता 'स्वीकारार्ह' मर्यादेतील घटना बनत गेली आणि ती मर्यादा दर वेळी थोडी पुढे सरकत गेली. म्हणजे परतलेल्या पोलादाने सांगितलेली गोष्ट संस्थेने ऐकली नाही असे नाही, तर ती ऐकून तिचा अर्थ धीराचा लावला. दुर्घटनेनंतर उजव्या बूस्टरचे, जळून भोक पडलेले तुकडे समुद्रतळावरून शोधून काढण्यात आले आणि अपघाताचे कारण त्यांनी निर्विवाद केले. जोडाची रचना बदलून, त्यात तिसरी कडी आणि उष्णता देणारी यंत्रणा बसवून सप्टेंबर १९८८ मध्ये उड्डाणे पुन्हा सुरू झाली, आणि पुढच्या तेवीस वर्षांत या बूस्टरमुळे एकही मोहीम निकामी झाली नाही. परतीच्या तपासणीचे खरे फळ ते हेच, मात्र ते सात प्राणांची किंमत मोजून मिळाले.

पैशाच्या बाजूने हिशेब तितका उजळ नव्हता. शटलची सर्वाधिक उड्डाणे १९८५ मध्ये झाली, आणि ती अवघी नऊ होती. चाळीसचे गृहीतक कधीच खरे ठरले नाही. जहाजे, पाणबुडे, रेल्वेचा प्रवास, तपासणीचे कारखाने हा सगळा खर्च उड्डाणे कमी झाली म्हणून कमी होत नाही, आणि घन बूस्टरमध्ये वाचते ते मुख्यतः पोलादी कवच, तर इंधन, अस्तर आणि नोझलचे बरेच भाग दर वेळी नवे लागतात. त्यामुळे या पुनर्वापराने एकूण फारसे पैसे वाचवले नाहीत, असे मत पुढे रूढ झाले, आणि ते योग्यच म्हणावे लागेल.

सोव्हिएत संघाने याच काळात वेगळी वाट धरली, आणि तिच्यामागे भूगोलाचा मोठा वाटा होता. कॅनाव्हरलच्या पूर्वेला समुद्र आहे. कझाकस्तानातील बैकोनुरच्या पूर्वेला शेकडो किलोमीटर गवताळ माळरान. त्यामुळे वालेंतिन ग्लुश्को यांच्या नेतृत्वाखाली घडलेल्या 'एनर्जिया' या सुमारे शंभर टन भार वाहणाऱ्या प्रक्षेपकाचे चार बाजूचे बूस्टर खाऱ्या पाण्याऐवजी जमिनीवर उतरायचे होते. पॅराशूट, शेवटच्या क्षणी वेग मारणारे छोटे अग्निबाण आणि आघात शोषणारे पाय यांच्या आधारे ते माळावर आडवे टेकवण्याची योजना होती. हे बूस्टर केरोसीन आणि द्रवरूप ऑक्सिजनवर चालत, आणि प्रत्येकात असलेले आरडी-१७० हे चार ज्वलनकक्षांचे इंजिन, ज्याचा जोर ७०० टनांहून अधिक होता, दहा वेळा वापरता यावे अशा बेताने घडवलेले होते. एनर्जिया १५ मे १९८७ आणि १५ नोव्हेंबर १९८८ अशी दोनदाच उडाली. दुसऱ्या वेळी तिने 'बुरान' हे यान कक्षेत नेले. या दोन्ही उड्डाणांत अवतरणाची साधने बूस्टरवर बसवलेलीच नव्हती, ती पुढच्या उड्डाणांसाठी राखून ठेवली होती, आणि पुढची उड्डाणे सोव्हिएत संघाबरोबर संपली. पंखांनी परतणाऱ्या बूस्टरचा विचार रशियाने नंतरही केला. 'बैकाल' नावाच्या अशा बूस्टरची पूर्णाकृती प्रतिकृती २००१ मध्ये पॅरिसच्या विमान प्रदर्शनात मांडली गेली, पण ती प्रतिकृतीच राहिली. आरडी-१७० च्या घराण्यातील निम्म्या आकाराचे आरडी-१८० मात्र अमेरिकेच्या ॲटलास प्रक्षेपकांत बसले, आणि अनेक वेळा वापरण्याच्या बेताने घडलेल्या इंजिनाचा हा वंशज एकेका उड्डाणानंतर समुद्रात बुडत राहिला.

युरोपच्या एरियान-५ प्रक्षेपकाने या प्रश्नाला दिलेले उत्तर या लेखाच्या दृष्टीने विशेष बोलके आहे. त्याचे घन बूस्टर सहसा अटलांटिकमध्ये बुडू दिले जात, परंतु काही उड्डाणांत त्यांना पॅराशूट लावून परत आणले गेले, आणि तेही पुन्हा वापरण्यासाठी नव्हे, फक्त उघडून पाहण्यासाठी. बचतीचा दावा बाजूला ठेवून पुराव्यासाठीच परतीचा खर्च करणे, ही भूमिका शटलच्या कार्यक्रमाने कधी उघडपणे घेतली नाही.

पॅराशूटची मर्यादा अशी, की ते कोठे उतरवते याच्यावर ताबा राहत नाही आणि पाणी किंवा कठीण जमीन यांचा आघात टळत नाही. इंजिनाच्याच जोरावर उभे उतरण्याचा पर्याय मॅकडॉनल डग्लस कंपनीच्या डीसी-एक्स या बारा मीटर उंचीच्या प्रायोगिक यानाने दाखवून दिला. १८ ऑगस्ट १९९३ पासून न्यू मेक्सिकोतील व्हाइट सँड्स येथे ते बारा वेळा उडाले, आणि जुलै १९९६ मधील अखेरच्या उड्डाणात एक पाय न उघडल्याने आडवे पडून जळाले. मात्र डीसी-एक्स कधीच तीनेक किलोमीटरहून फार वर गेले नव्हते. ताशी हजारो किलोमीटर वेगाने परतणाऱ्या टप्प्याचा प्रश्न त्याने सोडवला नव्हता.

तो सोडवला २००२ मध्ये स्थापन झालेल्या स्पेसएक्स कंपनीने, आणि तोही आधी पॅराशूटचा पर्याय फसल्यावर. जून २०१० मध्ये उडालेल्या पहिल्या फाल्कन-९ चा पहिला टप्पा पॅराशूट उघडण्याआधीच वातावरणाच्या माऱ्याने मोडला. मग कंपनीने टप्पा इंजिनाच्या आगीवर उलटा उतरवण्याचे ठरवले. यात दोन अडचणी होत्या. एक म्हणजे ध्वनीपेक्षा अनेकपट वेगाने जाणाऱ्या अग्निबाणाने प्रवासाच्या दिशेलाच इंजिन पेटवले तर ज्वाला आणि समोरचा हवेचा झोत यांच्या टकरीत काय होईल याचा अनुभव नव्हता. २९ सप्टेंबर २०१३ रोजी कॅलिफोर्नियातून झालेल्या उड्डाणात हे प्रथम करून पाहिले गेले, आणि मंगळावर अवजड याने उतरवण्याच्या दृष्टीने नासालाही त्यात रस निर्माण झाला. दुसरी अडचण अशी, की जवळजवळ रिकाम्या झालेल्या टप्प्याच्या वजनापेक्षा एकाच इंजिनाचा किमान जोरही अधिक असल्याने टप्पा हवेत स्थिर थांबू शकत नाही. जमिनीला टेकण्याच्या नेमक्या क्षणी वेग शून्य व्हावा लागतो, नाहीतर तो पुन्हा वर उचलला जातो किंवा आदळतो. नऊ लहान इंजिने असल्यामुळेच उतरताना एकच चालवता आले, हा या रचनेचा मोठा गुण. उतरण्याचा कमीत कमी इंधनाचा मार्ग यानावरील संगणकाने काही क्षणांत शोधावा यासाठी लागणारे गणित, ज्यात असंख्य शक्य मार्गांचा प्रश्न एकच उत्तम उत्तर असलेल्या रूपात मांडला जातो, बेहचेत आचिकमेशे आणि लार्स ब्लॅकमोर यांनी नासाच्या जेट प्रॉपल्शन लॅबोरेटरीत मंगळावतरणाच्या संदर्भात विकसित केले होते. ब्लॅकमोर पुढे स्पेसएक्समध्ये गेले.

२०१५ मध्ये समुद्रातील स्वयंचलित तरंगत्या फलाटावर उतरण्याचे प्रयत्न एकापाठोपाठ एक फसले: जानेवारीत दिशा देणाऱ्या जाळीदार पंखांचे द्रव संपले, एप्रिलमध्ये टप्पा टेकून कलंडला. २१ डिसेंबर २०१५ रोजी मात्र तो कॅनाव्हरलच्या जमिनीवर उभा उतरला. हा पहिला परतलेला टप्पा पुन्हा उडवण्याचा मोह कंपनीने टाळला. तपासून, जमिनीवरच एकदा पेटवून, तो कायमचा प्रदर्शनात उभा केला. दुसऱ्या एका टप्प्याचे पुनरुड्डाण ३० मार्च २०१७ रोजी झाले. परतलेल्या टप्प्यांवरून शिकून मे २०१८ मध्ये जी सुधारित आवृत्ती आली तिच्यात उष्णतेने झिजणारे ॲल्युमिनियमचे जाळीदार पंख जाऊन टायटॅनियमचे कायम झाले होते, आणि इंधन पंपांच्या टर्बाइन चाकांना पडणाऱ्या तड्यांवरही उपाय होता. २०२५ पर्यंत एक टप्पा तीसहून अधिक वेळा उडाला होता, आणि २०२४ या एका वर्षात या कुटुंबाची १३० हून अधिक उड्डाणे झाली. मॅथेमॅटिकाच्या अभ्यासकांनी जे गृहीत धरले होते त्याच्या तिपटीहून हे अधिक आहे. त्यांचे तर्कशास्त्र चुकीचे नव्हते, उड्डाणांचा आकडा चुकीचा होता.

अवजड प्रक्षेपकाच्या वर्गात हे तंत्र ६ फेब्रुवारी २०१८ रोजी फाल्कन हेवीने आणले. तीन टप्पे शेजारी बांधून, २७ इंजिनांवर उडणाऱ्या या प्रक्षेपकाचे दोन्ही बाजूचे बूस्टर २०१६ मध्ये एकेकदा वापरलेले होते, आणि त्या दिवशी ते कॅनाव्हरलला जवळजवळ एकाच क्षणी उतरले. मधला टप्पा मात्र इंजिने पेटवणारे रसायन पुरेसे न उरल्याने फलाटाशेजारी ताशी सुमारे ४८० किलोमीटर वेगाने पाण्यात शिरला. एप्रिल २०१९ मधील उड्डाणात नवा मधला टप्पा फलाटावर उतरलाही, पण खवळलेल्या समुद्रात परतीच्या वाटेवर पडला, आणि मधला टप्पा धडपणे बंदरात आणणे या प्रक्षेपकाला आजवर साधलेले नाही. हे निव्वळ दुर्दैव नव्हे. बाजूचे बूस्टर लवकर सुटतात, मधला नंतरही जळत राहतो, त्यामुळे तो ताशी दहा हजार किलोमीटरच्या आसपास पोचून सुटतो, आणि परतीची उष्णता व अंतर दोन्ही त्याला भारी पडतात. भार जितका जड आणि लांबचा, तितका परतीचा हट्ट महाग, आणि म्हणूनच ऑक्टोबर २०२४ मध्ये गुरूच्या युरोपा या उपग्रहाकडे निघालेले यान पाठवताना तिन्ही टप्पे जाणीवपूर्वक टाकून देण्यात आले.

स्पेसएक्सच्याच स्टारशिप या पुढच्या प्रक्षेपकाच्या ३३ इंजिनांच्या, ७१ मीटर उंचीच्या 'सुपर हेवी' बूस्टरमध्ये पायांचे वजनही वाचवले आहे: १३ ऑक्टोबर २०२४ रोजी टेक्सासच्या किनाऱ्यावर प्रक्षेपण मनोऱ्याच्या दोन यांत्रिक बाहूंनी तो हवेतच पकडला. जानेवारी २०२५ मध्ये परतलेला बूस्टर २७ मे रोजी दुसऱ्यांदा उडाला, त्याच्या ३३ पैकी २९ इंजिने आधी वापरलेली होती, आणि उतरणीत तो नष्ट झाला. १३ नोव्हेंबर २०२५ रोजी बेझोस यांच्या ब्लू ओरिजिन कंपनीचा 'न्यू ग्लेन' हा अवजड प्रक्षेपकही दुसऱ्या उड्डाणात आपला पहिला टप्पा समुद्रातील फलाटावर उतरवू शकला. नासाने मात्र याच काळात उलट दिशा घेतली. १६ नोव्हेंबर २०२२ रोजी चंद्राकडे झेपावलेल्या एसएलएस प्रक्षेपकाचे पाच खंडांचे घन बूस्टर शटलच्याच वंशातले असून, त्यांची काही पोलादी कवचे शटलबरोबर उडून, धुऊन, तपासून परत आलेली होती. पॅराशूटचे वजन वाचवून तेवढा भार चंद्राकडे नेता यावा म्हणून ती या वेळी कायमची समुद्रात सोडण्यात आली. वर्षाला एकही उड्डाण होण्याची खात्री नसलेल्या कार्यक्रमात हा निर्णय गैर नाही.

भारतात अवजड म्हणून ओळखला जाणारा एलव्हीएम-३ हा प्रक्षेपक वीस टनांच्या व्याख्येत बसत नाही, आणि त्याचे एस-२०० हे दोन घन बूस्टर प्रत्येकी दोनशे टनांहून अधिक इंधन जाळून बंगालच्या उपसागरात पडतात. गगनयान मोहिमेसाठीच्या पहिल्या एस-२०० च्या मधल्या खंडाचे कवच मुंबईत पवई येथील लार्सन अँड टुब्रोच्या कारखान्यात घडले होते. सप्टेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मंजूर केलेल्या पुढच्या पिढीच्या प्रक्षेपकाची क्षमता तीस टनांची असून त्याचा पहिला टप्पा परत वापरण्याचा आहे, आणि त्यासाठी ८,२४० कोटी रुपये व आठ वर्षांची मुदत ठरवली आहे. या मुदतीत तीन विकास-उड्डाणे बसवली आहेत. त्यांनंतर वर्षाला किती उड्डाणांची मागणी उभी राहील आणि परतलेल्या टप्प्यांच्या तपासणीचा स्थायी खर्च किती उड्डाणांत वाटला जाईल, हा प्रश्न १९७१ मधल्या वॉशिंग्टनइतकाच आज बंगळुरूतही खुला आहे.